हंगाम गेला

अकरा वर्षांत सतरा तारखा पडल्या.
नऊ वेळा आमचा नंबरच आला नाही,
दोनदा वकिलांचा संप,
एकदा सरकारी वकिलाचे वडील वारले,
तेव्हा आम्हीच म्हणलं, राहू द्या, माणूस गेलंय.
बाकीच्यांचं आता आठवत नाही.

अठरावीला सेलूहून पहाटेची रेल्वे धरली.
आधी तिकिटावर औरंगाबाद असायचं, आता संभाजीनगर.
पिशवीत भाकरी, तिळाची चटणी,
अन् तीच फाइल, जिचा दोरा
बायकोनं दोनदा बदलला.

अर्जदार क्रमांक एक: सटवाजी ग्यानोजी खिल्लारे, धंदा शेती. तो मी.
क्रमांक दोन: शेख मैनुद्दीन, धंदा मजुरी.
तीन ते आठ: आखाड्यावरची बाकीची घरं.
विरुद्ध, महाराष्ट्र शासन व इतर.
पहिल्यांदा वाचून दाखवलं तेव्हा मैनुभाई हसला होता:
"आपण आठ. अन् हे इतर किती?"
आता तो नाही. त्याच्या जागी त्याचा पोरगा कागदावर चढला.

मागणी साधी होती.
दुधनेच्या अल्याड आखाडा, पल्याड शाळा,
मधी धरणाचं थोपलेलं पाणी.
पोरं गुळाच्या काहिलीत बसून जायची.
फळीचं वल्हं मी मारायचो.
पूल द्या. गाडीचा नको,
दप्तर घेतलेलं एक लेकरू जाईल एवढा.

न्यायमूर्ती बाईंनी पानं उलटली.
"शाळा चालू आहे?"
"नाही, मॅडम. पट शून्य झाला. दोन वर्षांपूर्वी बंद केली."
"मग पूल कशासाठी?"

आमच्या वकिलांनी तोंड उघडलं, अन् पाणी प्यायले.
बाई काही चुकीचं बोलल्या नाहीत.
पट शून्य कामून झाला
हे कुणी विचारलं नाही,
अन् मला बोलता आलं नाही.
तिथं आपलं तोंड
वकिलाकडं ठेवायला दिलेलं असतं.

इंग्रजीत दोन ओळी सांगितल्या.
स्टेनोचा हात थांबला तेव्हा
पुढचा नंबर पुकारून झाला होता.

व्हरांड्यात वकील म्हणाले, इन्फ्रक्चुअस.
"म्हणजे हरलो?"
"हरला नाहीत, काका. जिंकलाही नाहीत.
याचिका निष्फळ झाली.
मागावं असं काही उरलं नाही."
"म्हणजे पेरलंच नाही, असं?"
"पेरलं होतं," ते म्हणाले, "हंगाम गेला."
त्यांच्या बापाची भोकरदनला कोरडवाहू आहे.
फीचे राहिलेले पैसे त्यांनी मागितले नाहीत,
मीही विषय काढला नाही.

स्टेशनवर शिवकन्येचा फोन.
तिला मानवतला दिली, दोन वर्षं झाली.
"आबा, काय झालं आपल्या पुलाचं?"
म्हणलं, निकाल लागला.
"कसा?"
म्हणलं, रेल्वे आली, ठेवतो.

परभणी लोकलला नव्हे, पॅसेंजरला गर्दी होती.
दाराजवळ बसून फाइल सोडली.
निशाणी 'क', काहिलीचा फोटो.
काढताना वकिलांनी बजावलं होतं,
पोरांनो, भ्याल्यासारखं करा, कोर्टाला दिसलं पाहिजे.
सगळ्यांनी केलं. मैनुभाईचा पोरगा तर खरंच रडला.
एकटी शिवकन्या, वय वर्षे आठ,
काठावर रेलून, एक हात पाण्यात,
दात पडलेल्या तोंडानं हसायली.
वकील म्हणाले होते, या पोरीनं पुरावा घालवला.
पण दुसरा फोटो नव्हता.

जालना गेल्यावर
टाचणी काढून तो मी खिशात ठेवला.
सरकारला आता तो लागणार नव्हता.
दोन भोकं राहिली फोटोत,
दोन्ही पाण्यात.